अमेरिकी पक्षांचे जाहीरनामे कोणासाठी? १८४० पासूनची भांडणं आणि आजचा शुकशुकाट

मुळाकाठ

२०२० च्या ऑगस्टमध्ये अमेरिकेच्या रिपब्लिकन पक्षाने नवा जाहीरनामा लिहिलाच नाही. १८५६ साली पक्षाचं पहिलं अधिवेशन फिलाडेल्फियाला भरलं, तेव्हापासून दर चार वर्षांनी तो लिहिला जात होता. कोविडमुळे शार्लटला मोठी बैठक घेता येणार नाही असं कारण दिलं गेलं. २०१६ चाच मसुदा पुढे चालू ठेवला आणि पक्ष अध्यक्षांच्या कार्यक्रमाला उत्साहाने पाठिंबा देत राहील, असा एक ठराव केला. गंमत नाही, गंभीर गोष्ट आहे: २०१६ चा मसुदा ओबामांच्या कारकिर्दीत लिहिलेला. त्यातली विद्यमान अध्यक्षांवरची टीका तशीच राहिली आणि अध्यक्ष मात्र आता त्यांच्याच पक्षाचे होते. पक्षाच्या नावाने निघालेला कागद कोणी उघडूनही बघितला नाही, हे त्यातून दिसलं.

नाही लिहिला तर काय बिघडलं, तसाही कोण वाचतो, असं तेव्हा अनेकांचं मत होतं. मला ते तेव्हाही पटलं नाही. का पटत नाही हे सविस्तर मांडायला हा धागा.

मतदार वाचत नाहीत हे पहिल्यापासून खरं आहे. १८४० च्या मे महिन्यात डेमोक्रॅटिक पक्षाने बाल्टिमोरला पहिला जाहीरनामा मंजूर केला. नऊ ठराव, सगळे मिळून हजार शब्दसुद्धा भरत नाहीत. समोरच्या व्हिग पक्षाने काहीच लिहिलं नाही. त्यांनी विल्यम हेन्री हॅरिसन यांना उभं केलं, लाकडी झोपडीची चित्रं आणि सफरचंदाच्या दारूची पिंपं गावोगाव मिरवली आणि निवडणूक जिंकली. त्यामुळे जाहीरनाम्याने मतं मिळतात असा माझा दावा नाही.

माझं म्हणणं एवढंच आहे की जाहीरनामा मंजूर करताना पक्षाला उघड्यावर, मतं मोजून, स्वतःशी भांडावं लागतं. त्या भांडणात कोण जिंकलं आणि कोण उठून गेलं, यात पुढच्या वीस-तीस वर्षांचं राजकारण दिसतं. दोन अधिवेशनांबद्दल जरा सविस्तर लिहितो.

पहिलं चार्ल्सटनचं, एप्रिल १८६०. डेमोक्रॅट्सनी ठरवलं, आधी जाहीरनामा, मग उमेदवार. दक्षिणेच्या प्रतिनिधींची मागणी होती की नव्या प्रदेशांत गुलामगिरीला केंद्र सरकारने संरक्षण द्यावं आणि तसं स्पष्ट लिहावं. उमेदवारीचे प्रबळ दावेदार स्टीफन डग्लस यांच्या बाजूच्या उत्तरेकडच्या लोकांना हे गळ्यात घेऊन आपल्या मतदारसंघात परत जाणं शक्यच नव्हतं. मतदान झालं, १६५ विरुद्ध १३८. डग्लस यांच्या बाजूचा मसुदा मंजूर झाला आणि अलाबामाचे प्रतिनिधी विल्यम यान्सी यांच्या मागे उठून चालते झाले. मागोमाग दक्षिणेतली इतर राज्यं. उरलेल्यांनी ५७ वेळा मतदान केलं तरी कोणालाच दोन तृतीयांश मतं मिळेनात. जूनमध्ये बाल्टिमोरला पक्ष कायमचा फुटला, दोन उमेदवार उभे राहिले आणि सुमारे ४० टक्के मतांवर लिंकन अध्यक्ष झाले. एका कलमावरून पक्ष मोडला, आणि त्या कलमात जे होतं त्यावरूनच वर्षभरात देश मोडायला निघाला.

त्याच वर्षी शिकागोला रिपब्लिकनांनी काय लिहिलं होतं तेही बघण्यासारखं आहे. गुलामगिरीचा विस्तार नको, कसणाऱ्याला सरकारी जमीन द्या, पॅसिफिकपर्यंत रेल्वे बांधा, आयातीवर संरक्षक जकात लावा. जकातीचा कायदा १८६१ मध्ये झाला. होमस्टेड कायदा मे १८६२ मध्ये, रेल्वेचा जुलै १८६२ मध्ये. दक्षिणेचे खासदार निघून गेल्याने बहुमत आयतं मिळालं हे खरं, पण करायचं काय हे दोन वर्षं आधी कागदावर ठरलेलं होतं.

दुसरं अधिवेशनही डेमोक्रॅट्सचंच, फिलाडेल्फियाचं, १४ जुलै १९४८. अध्यक्ष ट्रुमन यांना कृष्णवर्णीयांच्या नागरी हक्कांवर सौम्य, कोणाला न दुखावणारं कलम हवं होतं. मिनियापोलिसचे ३७ वर्षांचे महापौर ह्यूबर्ट हम्फ्री यांनी कडक कलम सभागृहापुढे आणलं. पक्षाने राज्यांच्या हक्कांच्या सावलीतून बाहेर पडून मानवी हक्कांच्या उन्हात यावं, हे त्यांचं वाक्य त्या भाषणातलं. ६५१½ विरुद्ध ५८२½ मतांनी कलम मंजूर झालं. मिसिसिपीचे सगळे आणि अलाबामाचे निम्मे प्रतिनिधी बाहेर पडले. तीन दिवसांनी त्यांनी बर्मिंगहॅमला स्ट्रॉम थर्मंड यांना उमेदवार केलं आणि थर्मंड यांनी चार राज्यं घेतली. तरी ट्रुमन जिंकले. अधिवेशनानंतर पंधरा दिवसांच्या आत, २६ जुलैला, सैन्यातला वर्णभेद संपवणारा आदेशही त्यांनी काढला. आज त्या पक्षाचा जो मतदार आहे, त्याची घडण त्या दुपारी सुरू झाली असं मी मानतो.

आता प्रश्न. असं भांडण शेवटचं कधी झालं? आणि होत नसेल तर जाहीरनामा नेमका कोणाचा उरतो?

---

शिवडीबंदर

लेख आवडला, चार्ल्सटनचा भाग तर खूपच. पण निष्कर्ष मान्य नाही.

>>करायचं काय हे दोन वर्षं आधी कागदावर ठरलेलं होतं<<

तुम्ही जुळणारी उदाहरणं घेतलीत. १९३२ घ्या. डेमोक्रॅटिक जाहीरनाम्यात केंद्राचा खर्च किमान २५ टक्क्यांनी कापू आणि अंदाजपत्रक संतुलित ठेवू असं लिहिलेलं होतं. रूझवेल्ट त्यावरच प्रचारात बोलले. पुढे न्यू डील आलं, सरकारने धरणं बांधली, रस्ते बांधले, लाखोंना कामावर घेतलं. देशाच्या भल्याचंच झालं, पण कागदावर लिहिलं होतं त्याच्या अगदी उलट.

१९९६ घ्या. रिपब्लिकन उमेदवार बॉब डोल यांनी उघड सांगितलं की मी जाहीरनामा वाचलेला नाही आणि तो मला बांधीलही नाही. उमेदवारच असं म्हणतो तिथे आपण अर्थ शोधत बसायचं?

आपल्याकडचा अनुभवही हाच. ७ एप्रिल २०१४ ला आसाम आणि त्रिपुरात मतदान सुरू झालं त्या दिवशी भाजपचा जाहीरनामा आला. १९९५ साली महाराष्ट्रात युतीने मुंबईतल्या ४० लाख झोपडीवासीयांना मोफत घरं आणि एन्रॉनचा वीजप्रकल्प अरबी समुद्रात बुडवू असं सांगितलं होतं. एन्रॉनशी वर्षभरात पुन्हा करार झाला, घरांचं काय झालं ते शिवडीत येऊन बघा. सर्वोच्च न्यायालयानेही २०१३ साली जाहीरनाम्यातली आश्वासनं म्हणजे निवडणूक कायद्यातला भ्रष्टाचार नव्हे असा निकाल दिला, फक्त निवडणूक आयोगाला मार्गदर्शक तत्त्वं करायला सांगितली. शब्दाला कायद्याचं बळ नाही, तर शब्द मोजायचे कशाला?

---

सुपारीबाग

शिवडीबंदर यांना अनुमोदन. पण युतीने सांगितलेली झुणका-भाकर एक रुपयात मिळाली होती हेही नोंदवा. चालली किती दिवस हा वेगळा विषय.

---

मुळाकाठ

@शिवडीबंदर, १९३२ चं उदाहरण काढलंत हे फार बरं झालं, कारण त्याच कागदात माझा मुद्दा जास्त स्पष्ट दिसतो.

त्या जाहीरनाम्यात आणखी एक कलम होतं: दारूबंदी रद्द करू. शिकागोच्या अधिवेशनात खरी झुंज त्यावरच झाली. एक गट म्हणत होता सरळ रद्द करा, दुसरा म्हणत होता प्रश्न राज्यांकडे विचारार्थ पाठवा, पक्षाने बाजू घेऊ नये. भाषणं झाली, मतदान झालं, सरळ रद्द करणारे मोठ्या फरकाने जिंकले. डिसेंबर १९३३ मध्ये २१ वी घटनादुरुस्ती पुरी होऊन दारूबंदी उठली. दीड वर्ष लागलं नाही.

आणि २५ टक्के कपात? त्यावर सभागृहात कोणी भांडलंच नाही. काटकसर कोणाला नको असते? रूझवेल्टनी मार्च १९३३ मध्ये सरकारी पगार आणि माजी सैनिकांचं पेन्शन कापणारा कायदा आणला, पण मंदीपुढे तो टिकला नाही आणि खर्च वाढत गेला. त्या कलमासाठी पक्षात कोणी जिवाचं रान केलं नव्हतं, म्हणून ते सोडलं तेव्हा पक्षात फारसं कोणी अडवायलाही उभं राहिलं नाही. १९२८ चे उमेदवार आल्फ्रेड स्मिथ यांच्यासारखे काही जण चिडले, पण अधिवेशनातला मोठा गट त्यांच्या मागे नव्हता.

म्हणून मी जाहीरनामा वाचताना आधी बघतो की कोणत्या कलमावर मतदान झालं. ज्याच्यावर रक्त आटवलं गेलं ते कलम सहसा मरत नाही.

भारताची तुलना मला अर्धीच पटते. आपल्याकडे जाहीरनाम्याचं एखादं कलम पक्षाच्या प्रतिनिधींपुढे ठेवून, विरोधी मसुदा वाचून, राज्यवार मतं मोजून मंजूर झालेलं तुम्ही अलीकडे कधी पाहिलंत?

---

कृष्णाकाठचा

अलीकडे नाही, पण आपल्याकडेही ही परंपरा होती. काँग्रेसच्या अधिवेशनांत विषय नियामक समिती असायची. उघड्या अधिवेशनात काय जायचं ते तिथे रात्र रात्र वाद घालून ठरायचं. डिसेंबर १९३६ चं फैजपूरचं अधिवेशन, खेड्यात भरलेलं पहिलं, त्यातला शेतीविषयक कार्यक्रम अशाच वादातून आला. आमच्या लहानपणी घरातली मोठी माणसं फैजपूरचं नाव काढायची तेव्हा त्या ठरावांबद्दलही बोलायची. पुढे अधिवेशनं म्हणजे हारतुरे आणि टाळ्या एवढंच उरलं.

अमेरिकेत शुकशुकाट का झाला याचं कारण मुळाकाठ यांनी लिहिलं नाही, ते लिहितो. १९६८ पर्यंत बऱ्याच राज्यांत उमेदवार ठरवणारे प्रतिनिधी पक्षाच्या पुढाऱ्यांच्या हातात असत. चार-पाच इच्छुक, कोणाकडेच पुरेशी मतं नाहीत, अशा वेळी जाहीरनाम्यातलं कलम हे सौदा करायचं साधन होतं. तुमचा उमेदवार घेतो, आमचं कलम घ्या. १९७२ पासून नियम बदलले, प्रायमरी निवडणुका वाढल्या आणि सामान्य मतदार उमेदवार ठरवू लागला. हे लोकशाहीच्या दृष्टीने चांगलंच झालं. पण आता विजेता अधिवेशनाला येतो तो स्वतःचं बहुमत खिशात घेऊन. जाहीरनामा समितीतही त्याचीच माणसं. मग भांडणार कोण?

अपवाद घडतो तो चुरस असेल तेव्हा. १९७६ मध्ये कॅन्सस सिटीला रिपब्लिकन अधिवेशनात विद्यमान अध्यक्ष फोर्ड यांना ११८७ आणि रेगन यांना १०७० मतं पडली. एवढा कमी फरक. रेगन यांच्या लोकांनी फोर्ड आणि त्यांचे परराष्ट्रमंत्री किसिंजर यांच्या परराष्ट्र धोरणावर टीका करणारं कलम पुढे केलं. फोर्ड यांनी ते गिळलं, कारण त्यावर मतदानात हरले असते तर उमेदवारीही धोक्यात आली असती. चार वर्षांनी रेगन त्याच धोरणावर अध्यक्ष झाले.

---

वैनगंगा

चर्चा दोन मोठ्या पक्षांभोवतीच फिरते आहे, म्हणून वेगळी बाजू मांडते. माझ्या मते जाहीरनाम्याची खरी ताकद हरणाऱ्या पक्षांत दिसते.

४ जुलै १८९२ ला नेब्रास्कातल्या ओमाहा शहरात पीपल्स पार्टीचं अधिवेशन झालं. कर्जात बुडालेले शेतकरी, रेल्वेच्या भाड्याने पिळलेले शेतकरी, खाणकामगार. त्यांनी लिहिलं: चढत्या दराने प्राप्तिकर लावा, सिनेटर थेट जनतेने निवडावेत, गुप्त मतदान हवं, रेल्वे सरकारने चालवावी, चांदीची नाणी मुक्तपणे पाडा, म्हणजे चलन वाढून कर्ज हलकं होईल. त्यांच्या उमेदवाराला, जेम्स वीव्हर यांना, साडेआठ टक्क्यांच्या आसपास मतं पडली. चार वर्षांत चांदीचं कलम डेमोक्रॅट्सनी उचललं. शिकागोला ९ जुलै १८९६ ला विल्यम जेनिंग्ज ब्रायन यांचं सोन्याच्या क्रूसाचं जे भाषण गाजलं, ते उमेदवारीचं भाषण नव्हतं, जाहीरनाम्यावरच्या वादातलं होतं. त्या एका भाषणाने ३६ वर्षांचा माणूस दुसऱ्याच दिवशी उमेदवार झाला. ब्रायनही हरले. पण १९१३ साली प्राप्तिकराची १६ वी आणि सिनेटच्या थेट निवडणुकीची १७ वी, अशा दोन्ही घटनादुरुस्त्या झाल्या. तोवर पीपल्स पार्टी संपलेली होती.

हे वाचताना मला दर वेळी स्वतंत्र मजूर पक्ष आठवतो. बाबासाहेबांनी १९३६ साली पक्ष काढला तेव्हा नुसती सभा घेऊन मोकळे झाले नाहीत, सविस्तर कार्यक्रम लिहून लोकांपुढे ठेवला: कुळांना संरक्षण, कामगारांचे हक्क, शिक्षण. सप्टेंबर १९३७ मध्ये त्यांनी मुंबई विधिमंडळात कोकणातली खोती, म्हणजे गावचा सारा वसूल करणाऱ्या खोतांची जमीनदारी, रद्द करणारं विधेयक मांडलं आणि १० जानेवारी १९३८ ला शेतकऱ्यांचा मोर्चा मुंबईत विधिमंडळावर आला. विधेयक तेव्हा मंजूर झालं नाही. १९४२ मध्ये त्या पक्षाच्या जागी शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशन आलं. खोती गेली १९४९ च्या कायद्याने, काँग्रेसच्या सरकारात. रत्नागिरीच्या कुळाला त्याच्या जमिनीवर उभं राहता आलं त्याची पहिली लिखापढी विरोधी बाकावरच्या छोट्या पक्षाने केली होती.

निवडून येण्यासाठी नाही, तरीही लिहून ठेवायचं. ओमाहाचे शेतकरी आणि बाबासाहेब दोघांनीही ते केलं.

---

सुपारीबाग

वैनगंगा ताई, खोतीबद्दल वेगळा धागा काढा. आमचं गाव त्यातलंच. आजी अजून खोताच्या वेठबिगारीबद्दल बोलते.

---

एडिसनकर

न्यू जर्सीतून लिहितोय, इथला मतदार आहे. पत्रपेटी निवडणुकीच्या पत्रकांनी भरते पण त्यात जाहीरनामा कधी नसतो. तरी २०१६ मध्ये मी डेमोक्रॅटिक जाहीरनाम्याकडे लक्ष ठेवून होतो, कारण माझ्या दुकानात तासावर काम करणारी मुलं आहेत आणि किमान वेतनाचा वाद चालू होता.

उमेदवारीच्या शर्यतीत बर्नी सँडर्स हरले होते. पण त्यांच्याकडे इतके प्रतिनिधी होते की मसुदा समितीच्या १५ पैकी ५ जागा त्यांच्या माणसांना द्याव्या लागल्या. ताशी १५ डॉलर किमान वेतन जाहीरनाम्यात आलं. पॅसिफिक व्यापार कराराला थेट विरोध मात्र आला नाही, कारण ओबामा स्वतः त्या कराराच्या बाजूने होते. कृष्णाकाठचा यांनी चुरशीबद्दल लिहिलंय त्याचंच हे उदाहरण.

आता शिवडीबंदर यांच्या बाजूने. केंद्राचं किमान वेतन २००९ पासून ७.२५ डॉलरवरच आहे. मार्च २०२१ मध्ये सँडर्स यांनी सिनेटमध्ये १५ डॉलरचा प्रस्ताव आणला तेव्हा तो ४२ विरुद्ध ५८ मतांनी पडला आणि विरोधात डेमोक्रॅट सिनेटरही होते. इथे अध्यक्ष निवडून आला म्हणजे संसद त्याची होत नाही, आणि त्याच्या पक्षाचा सिनेटरही पक्षाच्या जाहीरनाम्याला बांधील नाही. व्हिप मोडला म्हणून कोणाची खासदारकी जात नाही. हा फरक भारतातून वाचणाऱ्यांनी लक्षात घ्यायला हवा.

पण गोष्ट तिथे संपत नाही. आमच्या राज्याने २०१९ मध्ये कायदा केला आणि टप्प्याटप्प्याने २०२४ च्या जानेवारीत १५ डॉलर ओलांडले. जाहीरनाम्यात आल्यामुळे ती मागणी टोकाची मानली जाईना, राज्यातल्या आमदाराला ती उचलणं सोपं झालं. माझा खर्च वाढला, तरी मी त्या बाजूचाच आहे.

---

शिवडीबंदर

मग २०२४ चं काय? मुळाकाठ यांचं प्रमेय तिथे मोडतं.

मिलवॉकीच्या अधिवेशनाआधी रिपब्लिकन जाहीरनामा समितीची बैठक पत्रकारांना बाहेर ठेवून झाली. ट्रम्प यांच्या लोकांनी आणलेला १६ पानांचा मसुदा एकाच दिवसात मंजूर. सुरुवातीलाच २० आश्वासनं. तुम्ही म्हणता तसं भांडण नाही, झुंज नाही. तरीही टिपवरचा कर माफ करू असं त्यात होतं आणि ४ जुलै २०२५ ला सही झालेल्या कायद्यात ठरावीक मर्यादेपर्यंत आणि २०२८ पर्यंत ती सवलत आली. बेकायदा स्थलांतरितांना मोठ्या प्रमाणावर बाहेर काढू हे होतं, ते जोरात सुरू झालं. भांडण न होता लिहिलेला कागद इतक्या वेगाने अमलात आला असेल तर भांडण हवं कशाला?

उलट डेमोक्रॅट्सचा जाहीरनामा नव्वद पानांच्या घरातला, सगळ्या गटांना सामावून घेणारा. बायडन यांनी २१ जुलैला माघार घेतली, तरी ऑगस्टमध्ये शिकागोला तोच मसुदा मंजूर झाला आणि त्यात बायडन यांच्या दुसऱ्या कार्यकाळाचे उल्लेख तसेच राहिले. उमेदवार कमला हॅरिस! याला तुम्ही पक्षाची इच्छा म्हणणार?

---

मिनेसोटातली मेधा

शिवडीबंदर, त्या १६ पानांत काय आलं यापेक्षा त्यातून काय गेलं ते मी बघितलं.

रिपब्लिकन पक्षाने १९७६ मध्ये पहिल्यांदा गर्भपाताचा विषय जाहीरनाम्यात आणला आणि गर्भपाताविरुद्धच्या घटनादुरुस्तीच्या प्रयत्नांना पाठिंबा दिला. तेव्हा त्या पक्षात दोन्ही बाजूंचे लोक होते. १९८० मध्ये डेट्रॉइटला आणखी एक गोष्ट झाली. स्त्रियांच्या समान हक्कांच्या घटनादुरुस्तीला दोन मोठ्या पक्षांत सर्वांत आधी, १९४० साली, याच रिपब्लिकन पक्षाने पाठिंबा दिला होता. चाळीस वर्षांनी तो काढून टाकला. पक्षाच्या राष्ट्रीय समितीच्या सह-अध्यक्ष मेरी क्रिस्प त्याविरुद्ध बोलल्या आणि त्यांना पक्षापासून दूर व्हावं लागलं. पुढच्या कित्येक निवडणुकांत अमेरिकी बायकांची आणि पुरुषांची मतं वेगळ्या बाजूला झुकताना दिसतात, त्याची सुरुवात अभ्यासक १९८० पासूनच मोजतात.

जी माणसं ते गर्भपातविरोधी कलम घेऊन ४८ वर्षं राबली त्यांच्याशी माझं अजिबात जमणार नाही. पण त्यांनी ते गावपातळीपासून बैठकांना जाऊन, प्रतिनिधी निवडून आणून मिळवलं होतं. २०२२ मध्ये अमेरिकी सर्वोच्च न्यायालयाचा निकाल त्यांच्या बाजूने लागला. आणि २०२४ मध्ये उमेदवाराला मतांसाठी ते अडचणीचं वाटलं तेव्हा प्रश्न राज्यांवर सोपवणारी मोजकी वाक्यं आली, जुनं कलम गेलं. समितीत काही जण विरोधात होते, पण सभागृहात त्यावर उघड वाद होऊ शकला नाही. आज त्यांचं कलम गेलं याचा मला आनंद व्हायला हवा. मला तो होत नाही. उद्या माझ्या पक्षातला एखादा लोकप्रिय उमेदवार माझ्या कलमाचं हेच करील, आणि मला उभं राहून विरोध करायला जागा नसेल.

---

मुळाकाठ

मेधा यांनी माझ्यापेक्षा नेमकं लिहिलं.

@शिवडीबंदर, २०२४ ची आश्वासनं वेगाने अमलात आली हे मान्यच. अध्यक्ष, सिनेट आणि प्रतिनिधिगृह तिन्ही एका पक्षाकडे असताना उमेदवाराने स्वतः लिहिलेली यादी पुढे सरकणारच. पण त्या यादीवर पक्षाचा हक्क कुठे आहे? उमेदवाराने उद्या त्यातलं काही बदललं तर त्याला अडवणारं कोण? चार्ल्सटनला पक्ष दक्षिणेच्या बलाढ्य गटाला आणि फिलाडेल्फियाला आपल्याच अध्यक्षांना नाही म्हणू शकला. ट्रुमन यांना नको असलेलं कलम ट्रुमन यांच्याच अधिवेशनाने मंजूर केलं आणि त्यांना ते घेऊन लढावं लागलं. ती ताकद गेली याची मला खंत आहे, आणि ती दोन्ही पक्षांबद्दल आहे. शिकागोच्या मसुद्यात बायडन यांचं नाव राहिलं, कारण तोही मसुदा सभागृहात कोणी पुन्हा उघडला नाही.

एक गोष्ट मात्र १९६८ बद्दल लिहायलाच हवी. शिकागोला ऑगस्टमध्ये डेमोक्रॅटिक अधिवेशनात व्हिएतनाम युद्ध थांबवण्याचं कलम अल्पमताचा मसुदा म्हणून सभागृहात आलं. सुमारे १५६७ विरुद्ध १०४१ मतांनी पडलं. बाहेर रस्त्यावर पोलीस तरुणांना बदडत होते, आत न्यूयॉर्कचे प्रतिनिधी युद्धविरोधी गाणी म्हणत होते. अध्यक्ष जॉन्सन यांना ते कलम नको होतं आणि उमेदवार त्यांच्या शब्दाबाहेर जाऊ शकला नाही. तो उमेदवार म्हणजे ह्यूबर्ट हम्फ्री. वीस वर्षांपूर्वी अध्यक्षांच्या मनाविरुद्ध कलम मंजूर करून घेणारा तोच माणूस. सप्टेंबरच्या अखेरीस सॉल्ट लेक सिटीच्या भाषणात त्यांनी बॉम्बफेक थांबवायची तयारी दाखवली, त्यानंतर त्यांची बाजू वर यायला लागली, पण उशीर झाला होता. निक्सन एक टक्क्याहून कमी फरकाने जिंकले. ते कलम ऑगस्टमध्येच मंजूर झालं असतं तर, हा विचार मला सोडत नाही. निवडणूक जिंकली असती की नाही कोण सांगणार, पण पुढच्या चार वर्षांत मेलेल्या माणसांचा हिशोब त्यात आहे.

---

शिवडीबंदर

१९६८ चा मुद्दा पोचला. वेग आणि हक्क या दोन वेगळ्या गोष्टी आहेत हेही ठीक. पण मग सामान्य माणसाने करायचं काय? आम्हाला कोण बोलावतंय जाहीरनामा समितीत?

---

एडिसनकर

माझाही तोच प्रश्न. आमच्याकडे फक्त प्रायमरीला जाऊन बटण दाबायचं असतं. मेधा, तुमच्याकडे कॉकस असतात ना? तिथे खरंच काही मांडता येतं का?

---

मिनेसोटातली मेधा

येतं. इथे हिवाळ्यात प्रिसिंक्ट कॉकस भरतात, म्हणजे वॉर्डातल्या लोकांची बैठक, बहुधा एखाद्या शाळेत. उमेदवारीच्या गडबडीत लोकांच्या लक्षात येत नाही, पण त्या बैठकीचा एक भाग ठराव मांडायचा असतो. एका कागदावर लिहून न्यायचं, वाचून दाखवायचं, चर्चा होते, हात वर करून मतदान. मंजूर झालेला ठराव वरच्या अधिवेशनात जातो, तिथून टिकला तर राज्य पक्षाच्या जाहीरनाम्याच्या विचारात येतो.

मी रात्रपाळी करणाऱ्या आईवडिलांसाठी पाळणाघरांना मदत मिळावी असा ठराव मांडला होता. मी नर्स आहे, माझ्या वॉर्डातल्या निम्म्या बायकांचा हा प्रश्न आहे. खोलीत होते थोडेसेच लोक. एका आजोबांनी पैसे कुठून आणणार असं विचारून मला चांगलंच अडवलं, मग शेवटच्या वाक्यात राज्याचा वाटा किती ते घालायला लावलं आणि स्वतःच हात वर केला. वरच्या अधिवेशनात तसेच आणखी काही ठराव आले होते, ते सगळे एकत्र करून एक केला. माझे शब्द गेले, रात्रपाळी हा शब्द राहिला.

एडिसनकर, तुमच्या राज्यात कॉकस नसले तरी काउंटी पक्ष समितीच्या सदस्यांची निवड प्रायमरीच्या मतपत्रिकेवरच होते. बऱ्याच वेळा त्या जागेला एकच नाव असतं किंवा तेही नसतं. आधी तुमच्या वॉर्डाचा सदस्य कोण आहे ते काढा. ठराव लिहायला मदत हवी असेल तर इथेच मसुदा टाका, आपण सगळे मिळून बघू.